धुकूचा ताप

लेक : काय दिलंत म्हणालात त्याला?

बाबा : कडू चूर्ण. थोडंसंच. रोज नाही गं, ताप आल्यासारखा वाटला की तेवढंच.

लेक : ताप? बाबा, गेममधल्या प्राण्याला ताप येत नाही.

बाबा : तुला काय माहीत? तू होतीस का इथे?

आत्या : झालं यांचं सुरू. अगं, हात वर कर, बाही धरता येत नाहीये मला. संध्याकाळच्या गाडीनं जायचंय आणि ड्रेस दंडावर उसवलेला. तिकडे एवढ्या मोठ्या ऑफिसात सुई-दोरा मिळत नाही वाटतं?

लेक : आत्या, थांब जरा. बाबा, नीट सांगा. मी नोकरीवर गेले तेव्हा हा खिशात मावणारा गेम तुमच्या काउंटरवर ठेवून गेले. तेव्हा धुकू नुकताच सापडलेला, एवढासा होता, कोकरासारखा. आज बघते तर तसाच. एव्हाना मोठा व्हायला हवा होता तो.

बाबा : अंगानं लहान असतात काही. तब्येत चांगली आहे. बघ ना, तुला बघून शेपूट हलवतोय.

आत्या : मलाही दाखवा बाई एकदा ते टुणटुणं. रोज जिन्यावरून उतरते तर हा माणूस औषधांच्या रॅकांमधून येरझाऱ्या घालतोय, खिशात हात घालून. गिऱ्हाईक काउंटरवर टकटक करतंय आणि याचं आपलं, 'आलो, आलो, एवढा उतार संपू दे.' आता या दुकानात कुठला आलाय उतार?

बाबा : आत असतो. तळ्याकडे जाताना.

लेक : तुम्ही खिशात घेऊन चालत होता?

बाबा : मग? तूच म्हणायचीस ना लहानपणी, सोबत चाललं की या प्राण्यांना बरं वाटतं म्हणून. दुकानात तसंही दिवसभर चालावंच लागतं. खोकल्याचं त्या टोकाला, मलम या टोकाला. रिकामं चालण्यापेक्षा म्हटलं, याला बरोबर घेऊ.

आत्या : मला कोणी नीट बसवून सांगेल का, हे काय प्रकरण आहे ते?

लेक : सांगते. या गेममध्ये एक खोरं आहे ना, त्यात नाना तऱ्हेचे प्राणी असतात. आपण भटकायचं, एकेकाला माणसाळवायचं, गोळा करायचं. कोणी पाण्यातला, कोणी झाडावरचा, हा धुक्यातला. आणि प्रत्येकाच्या आत एक आकडा लपवलेला असतो. लळ्याचा.

आत्या : लळ्याचा आकडा?

लेक : हो. तो खेळणाऱ्याला कधीच दिसत नाही. सोबत चाललं की वाढतो. अंगावरून हात फिरवला, आवडीचं फळ दिलं की वाढतो. भांडणात मार खाऊ दिला, नुसतं पेटीत ठेवून विसरलं, की कमी होतो. आणि कडू चूर्ण दिलं तर धाडकन खाली येतो.

बाबा : चूर्णानं?

लेक : कडू असतं ना बाबा. प्राणी बरा होतो, पण रागावतो.

बाबा : औषध आहे ते. औषध कडूच असतं. मी जन्मभर हेच सांगत आलोय लोकांना.

आत्या : आणि लोक जन्मभर तोंड वाकडं करत आलेत.

लेक : पण मला कळत नाहीये. नुसतं चूर्णच असतं, तर लळा तळाला गेला असता. हा तर शेपूट हलवतोय. बाबा, ताप आला म्हणजे नेमकं काय झालं?

बाबा : पहिल्यांदा आला तो मला अजून आठवतो. दुपारी जेवून बसलो होतो इथेच, याच स्टुलावर. डोळे मिटत होते. ऊन त्या बाटल्यांमधून यायला लागलं की सगळं दुकान हिरवं होतं बघ, पाण्याखाली बसल्यासारखं वाटतं. आणि तिथे पहाट होत होती.

लेक : दुपारी पहाट?

बाबा : मी सेल बदलला ना त्याचा, तेव्हापासून आतलं घड्याळ आपलं आपलं चालतं. इथे जेवणं उरकली की तिथे उजाडायला लागतं. मला आवडतं ते. तळ्यावर धुकं असतं, पलीकडचा काठ दिसत नाही, आणि हा माझ्यापुढे चालत असतो. थोडा पुढे जातो, थांबतो, मागे वळून बघतो. मी आहे ना, म्हणून. कधी कधी मी तिथेच झोपतो. मग झोपेतही आम्ही चालतच असतो, आणि जाग आली की कळत नाही, कुठल्या बाजूला जागा झालो ते.

आत्या : मला वाटायचं, वय झालं म्हणून पेंगतो.

बाबा : तर त्या दिवशी चालता चालता हा एकदम थांबला. अंग चमकायला लागलं. पांढरं फटक. थरथर कापतोय नुसता. कसलं तरी वाजायला लागलं आणि खाली अक्षरं आली, 'धुकूला काहीतरी होतंय!' माझा तर जीवच खाली-वर झाला. तू ठेवून गेलेलं पोर. त्याला माझ्या हातात काही झालं असतं, तर तुला काय तोंड दाखवलं असतं?

लेक : मग?

बाबा : मग काय, हातावर हात धरून बसू? हे लाल बटण दाबून धरलं. थांबलं चमकायचं. मग चूर्ण दिलं. तोंड फिरवून बसला दिवसभर, पण उतरला ताप. पुढे काही दिवस बरा असायचा. चांगला चालायचा, खायचा, आणि पुन्हा एखाद्या पहाटे तेच. पुन्हा बटण, पुन्हा चूर्ण. उलटून उलटून येणारा ताप आहे तो. मी ओळखतो ना.

लेक : बाबा... अरे देवा.

आत्या : हसतेस काय? अगं, हसतेस की रडतेस?

लेक : दोन्ही. आत्या, अगं तो मोठा होत होता!

आत्या : कोण?

लेक : धुकू! लळा काठोकाठ भरला आणि पहाट असली, की त्याचं रूप बदलतं. अंग उजळतं, थरथरतं, आणि तो मोठा होतो. आणि लाल बटण असतं ते थांबवायला. बाबा दर वेळी त्याला थांबवत होते. वर चूर्ण देत होते. लळा खाली यायचा, मग रॅकांमधून चालून चालून बाबा तो पुन्हा भरायचे, पुन्हा तो मोठा व्हायला निघायचा, की यांचं पुन्हा बटण!

आत्या : दादा, काय रे हे?

बाबा : मला कुठे कोणी सांगितलं.

आत्या : धन्य आहेस बाबा तू. पोर वाढायला लागलं, की याला वाटतं आजारी पडलं.

बाबा : हो. तशी माझी जुनीच खोड आहे.

लेक : मला हसायला नको होतं, बाबा.

बाबा : हस. हसण्यासारखंच आहे. किती दिवस अडवून धरला मी बिचाऱ्याला. आणि तरी तो रोज पुढे चालत होता, वळून बघत होता. दोष माझा, आणि त्यानं तोंड वाकडं केलं तर मला वाटायचं, चूर्ण कडू आहे म्हणून.

लेक : अहो, ऐका ना. काही बिघडलेलं नाही. शेवटचं चूर्ण कधी दिलंत?

बाबा : झाले काही दिवस. तू येणार कळलं तेव्हाच. म्हटलं, पोरगी येईल तेव्हा ठणठणीत असावा.

लेक : मग आपण म्हातारीला विचारू. ही बघ आत्या, तळ्याकाठी बसलेली. आकडा दिसत नाही ना, म्हणून ही असते. हिच्याजवळ प्राण्याला नेलं की ती एक वाक्य बोलते. त्यावरून समजायचं, लळा कुठवर आला ते. बाबा, काय म्हणतेय?

बाबा : चष्मा दे. 'भिंगरी, हा तुझ्या पावलांचा आवाज ओळखतो. अजून थोडं सोबत चाल.'

आत्या : भिंगरी? तिला कसं ठाऊक, हिला आपण घरात भिंगरी म्हणतो ते?

लेक : शाळेत असताना मीच नाव घातलं होतं सुरुवातीला. खेळणाऱ्याचं नाव. पण बाबा, ते बदलता येतं. तुम्ही तुमचं घालायचं ना.

बाबा : कशाला? आहे ते बरं आहे.

लेक : पण त्यामुळे तुम्ही इतकं चाललात ते सगळं माझ्या नावावर गेलं. धुकूला वाटतंय, मीच चालत होते.

बाबा : वाटू दे. दिवसातून एकदा तरी कोणी 'भिंगरी' अशी हाक मारायचं या दुकानात. मला तेवढं पुरत होतं.

आत्या : घे. आता मला दोरा ओवता यायचा नाही. डोळ्यात काहीतरी गेलं.

लेक : बाबा, मी त्याला न्यायला आलेय. सकाळपासून सांगेन सांगेन म्हणत होते.

बाबा : कोणाला? धुकूला?

लेक : माझ्या फोनवर तेच खोरं आहे, नवीन. तिथे पाठवता येतो. तिकडे खोलीवर कोणी नसतं हो. कामावरून आलं की दार उघडायचं, दिवा लावायचा, आणि कोणाशी काही बोलायचं नाही. म्हटलं, निदान हा असेल. पण पलीकडे मोठे झालेलेच प्राणी जाऊ शकतात. लहान घेत नाहीत. म्हणून मी सकाळी उघडून बघितलं.

बाबा : म्हणजे मोठा झाला, की न्यायचा.

लेक : हो.

बाबा : आणि माझ्या चुकीमुळे राहिलाय तो इथे.

लेक : चूक नका म्हणू.

आत्या : नको नेऊस गं बाई. तू गेल्यावर हा चुपचाप पडला होता. जेवताना शब्द नाही. ते टुणटुणं हातात आलं आणि माणूस निदान उतार आला, तळं आलं असं काहीबाही बोलायला तरी लागला.

बाबा : तू गप गं. भिंगरी, तळ्याच्या म्हातारीनं काय सांगितलंय? थोडं चाल. मग चालतो की. खिशात टाक इकडे.

लेक : नुसतं हातात धरून हलवलं तरी पावलं पडतात त्यात. पटकन होईल.

बाबा : नाही. इतके दिवस फसवलं नाही त्याला, आज शेवटी नको. मी चालतो. तू ते दार अर्धं लोटून घे, ऊन डोळ्यावर येतंय.

आत्या : बाहेर कोणी तरी आलंय वाटतं, दादा. सर्दीचं काही मागतील.

बाबा : देतो. हे घ्या, सकाळ-संध्याकाळ, जेवणानंतर. नाही, मी चालतच राहणार, तुम्ही पैसे तिथे काउंटरवर ठेवा. हो, तब्येत बरी आहे माझी.

आत्या : गेले बिचारे. वळून वळून बघत गेले.

लेक : बाबा, तुम्हाला एक विचारू? मागच्या वेळी मी निघाले, तेव्हा तुम्ही स्टँडवर का नाही आलात?

बाबा : दुकान होतं.

लेक : दुकान रोजच असतं. तुम्ही इथूनच म्हणालात, 'जा, पोचलीस की कळव.' आणि हातात गोळ्यांची पिशवी दिलीत. प्रत्येक पाकिटावर लिहिलेलं, कशावर काय. मी गाडीत रडत होते आणि पिशवीत रडण्यावरचं काहीच नव्हतं.

बाबा : मला येववलं नाही.

लेक : म्हणजे?

बाबा : म्हणजे तेच. आलो असतो, तर जा म्हणता आलं नसतं. तिथे सगळ्यांसमोर काहीतरी काढलं असतं, तुला बरं नाही, ताप वाटतोय, पुढच्या महिन्यात जा. मला माझी खात्री नव्हती. इथून निदान 'जा' एवढा शब्द तोंडातून निघाला.

लेक : मला वाटलं, तुम्ही रागावलात.

बाबा : रागावलो होतोच. कडू होतो. पण त्यानं काय, चालायचं थोडंच थांबतं? थांब. थांब, खिशात काहीतरी वाजलं.

लेक : काढा बाहेर. इकडे या, उजेडात. उजाडतंय तिथे!

आत्या : अगं बाई, चमकायला लागलं की ते.

बाबा : आलं. तेच. बघ कसा कापतोय, बघ. भिंगरी, हे बघवत नाही मला.

लेक : बाबा, अंगठा काढा.

बाबा : मी नाही दाबत. नुसता ठेवलाय.

लेक : काढा. माझा हात धरा हवं तर. होऊ दे त्याला.

(बाबा बटणावरचा अंगठा काढून लेकीचा हात धरतात. पंखा फिरत राहतो. बाटल्यांमधून आलेलं हिरवं ऊन तिघांच्या हातांवर हलतं.)

आत्या : केवढा झाला रे.

बाबा : पाय बघ. लांबसडक. आणि शिंगं आहेत की काय ती?

लेक : धुक्याची आहेत. फुंकर मारली की हलतात.

बाबा : आता मला ओळखेल का?

लेक : चालून बघा ना. दोन पावलं.

बाबा : गेला पुढे. केवढी ढांग पडते आता त्याची. थांबला... वळला. वळून बघितलं त्यानं. भिंगरी, बघितलंस?

लेक : बघितलं.

बाबा : मोठं झाल्यावर लळा कमी होत नाही तर.

लेक : नाही. रूप बदलतं, चाल बदलते. लळ्याचा आकडा आहे तिथेच राहतो.

बाबा : हे मला आधी कोणी सांगितलं असतं, तर एवढं चूर्ण वाया गेलं नसतं. बरं, घे आता. तुझा फोन काढ. गाडी चुकेल. कुठे दाबायचं ते सांग, मीच पाठवतो.

लेक : खरंच?

बाबा : मागच्या वेळी नीट पाठवणं जमलं नाही. या वेळी नीट पाठवू. हे काय, काहीतरी लिहून आलंय. 'पलीकडे गेल्यावर धुकू सगळं विसरेल. लळा पुन्हा पहिल्यापासून लावावा लागेल. पाठवायचं?' हे काय आहे?

लेक : ते... नवीन खोऱ्यातला नियम आहे. पाठवलं की लळा शून्य होतो.

बाबा : शून्य? हे चाललेलं सगळं?

लेक : सगळं.

आत्या : कोणाच्या डोक्यातून निघालं हे असलं?

लेक : माझ्या.

आत्या : तुझ्या?

लेक : तुम्हाला म्हटलं होतं ना, ऑफिसात गेमचं काम करते. हेच करते मी. नवीन खोऱ्यातले लळ्याचे नियम माझ्याकडे आहेत. कशानं किती वाढवायचा, कशानं किती उतरवायचा. मीटिंगमध्ये विचारलं, दुसरीकडे गेल्यावर काय व्हावं? सगळे माझ्याकडे बघायला लागले. मी म्हटलं, शून्य.

बाबा : का गं?

लेक : मी नुकती गेले होते तिकडे. मला कोणी ओळखत नव्हतं. घरून फोन आला की 'जेवलीस का, झोपलीस का' आणि ठेवून दिला. मला वाटलं, असंच असतं. माणूस एका जागेवरून उठून दुसरीकडे गेला, की मागचं पुसलं जातं. म्हणून तसंच लिहिलं. मला तेव्हा ते खरंच वाटत होतं, बाबा.

बाबा : आणि मी इथे तुझ्या नावानं चालत होतो.

लेक : मला ठाऊक नव्हतं.

बाबा : मी तरी कुठे सांगितलं? फोनवर काय सांगायचं, आज तळ्यापर्यंत जाऊन आलो म्हणून?

लेक : सांगायचं होतंत.

आत्या : झाली बाही. दात कुठे आहेत माझे दोरा तोडायला. हं. हे बघ पोरी, नियम तू केलास ना? मग तुझ्याच हातात आहे तो. मी शिवलेलं मीच उसवते की नाही?

लेक : उसवता येईल. भांडावं लागेल थोडं, पण येईल. बाबा, 'नाही' दाबा.

बाबा : अगं, तिकडे खोलीवर तू एकटी...

लेक : नाही दाबा. इथे राहू दे त्याला, तुमच्या खिशात. नियम बदलला की मी सांगेन, मग बघू. तोवर रोज फोन करत जा. काय खाल्लं ते विचारू नका. धुकं किती होतं ते सांगा.

बाबा : रोज?

लेक : इथली जेवणं झाली की. तिथे पहाट असते ना.

आत्या : आणि चूर्ण?

बाबा : आता चूर्णाचं नाव काढलंस तर बघ.

लेक : चला, निघते मी. आत्या, नमस्कार करते. नको रडूस, सुई टोचेल.

आत्या : मी कशाला रडतेय? तुझी बॅग बाहेर काढून ठेवते. रिक्षा बघू का कोपऱ्यावरची?

लेक : नको. अजून वेळ आहे, चालत जाईन. बाबा, येते. पोचले की कळवते.

बाबा : थांब जरा.

लेक : गोळ्या नकोत, बाबा. मागच्याच आहेत अजून.

बाबा : गोळ्या नाही गं. चपला घालतो.